नाव डुकराचं, नातं देवमाशाचं



मागे महासंघाच्या कामासाठी आपण काही जणी पुण्याला कसबा पेठेत गेलो होतो. तांबट आळीत गटासाठी मोठी पातेली बघायची होती. दोन पातेली समोर आली. आतून दोन्हींना कल्हई, दोन्ही पांढरीशुभ्र. पालथी केली तेव्हा कळलं, एक तांब्याचं आणि एक पितळेचं. परत येताना रस्त्याकडेला डुकरं दिसली, तेव्हा एका ताईंनी विचारलं, "हे नक्की कोणाच्या भावकीतलं गं? घोड्याच्या का म्हशीच्या?" मला तेव्हा नीट सांगता आलं नाही. आता सांगते.

डुक्कर म्हशीच्या भावकीतलं. पाय बघा. घोड्याच्या पायाला एकच अखंड खूर, तर गाय, म्हैस, शेळी आणि डुक्कर यांचा भार दोन खुरांवर. शेळीच्या घोट्यात एक छोटं हाड असतं, वरखाली दोन्ही टोकांना रहाटाच्या चाकासारखी खाच असलेलं. तसंच हाड डुकरालाही असतं. पोट मात्र वेगळं. डुक्कर रवंथ करत नाही, म्हणून नुसत्या पाल्यावर शेळी जगते तसं ते जगत नाही.

इथपर्यंत सोपं आहे. घोटाळा होतो तो नामशेष झालेल्या जनावरांपाशी. लाखो वर्षांपूर्वी जी मेली त्यांचे फक्त दगड झालेले दात आणि हाडं मिळतात. दात डुकरासारखे दिसले की शास्त्रज्ञही त्यांना डुक्कर म्हणून मोकळे व्हायचे. एंटेलोडॉन्ट नावाचं एक जनावर होतं. त्यातलं सर्वांत मोठं खांद्याशी जवळजवळ माणसाएवढं उंच, डोकं हातभराहून लांब, गालांवर हाडाचे फताडे. त्याला लोक 'नरकातलं डुक्कर' म्हणत. पण ते डुक्कर नव्हतंच, पाणघोड्याच्या बाजूचं असावं असं आता मानतात. आणि पाणघोडा? त्यालाही कित्येक वर्षं डुकराचाच भाऊ समजत. पुढे रक्ताच्या नात्याची, म्हणजे डीएनएची तपासणी झाली आणि त्याचा सर्वांत जवळचा जिवंत नातेवाईक निघाला समुद्रातला देवमासा!

आता आपल्या देशातली गोष्ट. जम्मूतल्या राजौरी जिल्ह्यात कालाकोट म्हणून गाव आहे. तिथल्या खडकांतून ए. रंगा राव या भूशास्त्रज्ञांनी पुष्कळ जीवाश्म गोळा केले. १९७१ साली त्यातल्या एका लहान जनावराला त्यांनी नाव दिलं 'इंडोहायस', म्हणजे भारताचं डुक्कर. पुढे रंगा राव वारले. गोळा केलेले कितीतरी दगड अजून फोडलेलेही नव्हते. त्यांच्या पत्नी फ्रीडलिंडे ओबरगफेल यांनी ते सांभाळून ठेवले. नुसत्या नवऱ्याची आठवण म्हणून नव्हे बरं, त्या स्वतः या विषयातल्या होत्या आणि दोघांच्या नावाने संशोधन छापलेलं आहे. आपल्याकडे माणूस गेला की त्याचा पसारा आधी भंगारात जातो. दुसऱ्या कुणाला तर ते दगडच वाटले असते.

बाईंनी ते दगड अमेरिकेत काम करणारे संशोधक हान्स थेविसेन यांच्या हवाली केले. साफ करताना मदतनिसाच्या हातून एका कवटीचा कानाजवळचा भाग तुटला. नुकसान झालं असं वाटलं, पण आतलं हाड उघडं पडलं. कानाच्या हाडाची आतली भिंत चांगली जाडजूड होती. अशी जाड भिंत तोवर देवमाशातच ठाऊक होती. थेविसेन, सुनील बाजपेयी आणि इतर सहकाऱ्यांनी २००७ च्या डिसेंबरात हे 'नेचर' या साप्ताहिकात जाहीर केलं.

हे जनावर सुमारे ४ कोटी ८० लाख वर्षांपूर्वीचं. दिसायला म्हणाल तर डुकरासारखं मुळीच नाही. मोठ्या मांजराएवढं, बारीक पायांचं, लांब शेपटीचं. आपल्या सह्याद्रीत पिसोरी असते ना, ते इवलंसं हरणासारखं जनावर, साधारण तसा बांधा. पायांची हाडं मात्र बाहेरून जाड आणि जड, पाणघोड्यासारखी. वजन असलं की पाण्यात तळाशी पाय टिकतो, तरंगत नाही. दातांच्या तपासणीतूनही ते बराच वेळ पाण्यात काढत असावं असं निघालं. देवमाशाची ही आजी नव्हे हं, आजीची बहीण म्हणा. कारण पहिले देवमासे त्या काळात वेगळे झालेले होते. पण देवमाशाचे पूर्वज पाण्यात कसे उतरले असतील, हे या बहिणीवरून समजतं.

जुन्या देवमाशांना चार पाय होते. त्यांच्या घोट्याची हाडं पाकिस्तानात सापडली आणि २००१ साली जाहीर झाली. त्यांना दोन्ही टोकांना खाच आहे, शेळीच्या हाडासारखीच.

इंडोहायसचं नाव काही बदललं नाही. शास्त्रात एकदा ठेवलेलं नाव सहसा तसंच राहतं. मात्र ज्या घराण्यात ते मोडतं, त्याला 'रावेलिडी' म्हणतात, रंगा रावांवरून. ओबरगफेल बाईंचं नाव तिथे नाही, म्हणून इथे मुद्दाम लिहिलं. पुढच्या वेळी घरी पाया शिजवाल तेव्हा मागच्या पायाच्या घोट्यातलं ते हाड धुऊन बाजूला ठेवा. मासिक बैठकीला घेऊन या, सगळ्याजणी बघू.