बनावट दस्त : फौजदारी फिर्याद आणि दिवाणी दावा

गणपतीसाठी मुंबईहून कोकणात आलेल्या चाकरमान्याने सहज सातबाराचा उतारा काढावा आणि वडिलार्जित जमिनीवर परक्याचे नाव पाहून थक्क व्हावे, असे प्रसंग आजही घडतात. चौकशी केली म्हणजे फेरफाराच्या मुळाशी एक नोंदणीकृत खरेदीखत निघते. त्यावर वडिलांचा अंगठा असतो. मात्र खताची तारीख त्यांच्या मृत्यूनंतरची असते.

अशा वेळी मनुष्य प्रथम पोलीस ठाणे गाठतो. 'हा दिवाणी वाद आहे, कोर्टात जा,' असे उत्तर त्यास पुष्कळदा मिळते. हे उत्तर अर्धेच खरे आहे. जमीन कोणाची, हे दिवाणी न्यायालय ठरविते; खोटा दस्त कोणी केला व त्यास शिक्षा कोणती, हे फौजदारी न्यायालय. एकाच कृत्यातून दोन्ही प्रश्न उद्भवतात आणि दोन्ही कामे एकाच वेळी चालू शकतात. १ जुलै २०२४ पासून अंमलात आलेल्या भारतीय न्याय संहितेच्या कलम ३३८ प्रमाणे खरेदीखतासारखा मूल्यवान दस्त किंवा मृत्युपत्र बनावट करणाऱ्यास जन्मठेपेपर्यंत शिक्षा होऊ शकते. खोटा दस्त जाणूनबुजून खरा म्हणून वापरणाराही दोषी ठरतो. त्यापूर्वीच्या कृत्यांस मात्र जुनी भारतीय दंड संहिताच लागू होते. ठाण्यात दाद न लागल्यास पोलीस अधीक्षकांकडे व त्यानंतर प्रतिज्ञापत्रासह दंडाधिकाऱ्यांकडे अर्ज करता येतो.

परंतु प्रत्येक चुकीचा दस्त बनावट नसतो. चुलतभावाने स्वतःच्याच नावाने व स्वतःच्याच सहीने सामाईक जमीन आपलीच म्हणून विकली, तर ते बनावटीकरण होत नाही. बिहारमधील एका खरेदीखताच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २००९ साली हा भेद स्पष्ट केला. तेथे फसवणुकीची तक्रार असलीच तर ती खरेदीदाराची. मूळ मालकाचा मार्ग दिवाणी न्यायालयाचा. दुसऱ्याच्या नावाने तोतया उभा करणे, सही उठविणे किंवा दस्तातील मजकूर बदलणे, ही बनावटीकरणाची खरी उदाहरणे होत. रागाच्या भरात हा विचार न करता केलेल्या फिर्यादी उच्च न्यायालयात रद्द होतात आणि वेळ व पैसा दोन्ही वाया जातात.

दस्त न्यायालयात हजर झाल्यावर त्याबाबत फिर्याद न्यायालयानेच केली पाहिजे, असा आक्षेप आरोपी नेहमी घेतात. एका मृत्युपत्राच्या वादात घटनापीठाने २००५ साली याचे उत्तर दिले आहे. दस्त न्यायालयाच्या ताब्यात असताना बनावट केला असेल तरच ते बंधन लागू होते. आधीच बनवून आणलेल्या दस्तास नाही.

दोहोंपैकी कोणते काम आधी चालावे, याबाबत ठाम नियम नाही. सर्वसाधारणपणे फौजदारी कामास अग्रक्रम द्यावा, असे सर्वोच्च न्यायालयाने १९५४ साली म्हटले. तथापि दिवाणी दावा संपत आला असेल तर तो थांबविण्याचे कारण नाही, असेही त्याच निर्णयात आहे. दोन्हीकडील पुराव्याची कसोटीही भिन्न आहे. फौजदारीत दोष निःसंशय सिद्ध व्हावा लागतो. दिवाणीत अधिक संभवनीय बाजू ग्राह्य धरतात. म्हणून आरोपी निर्दोष सुटला तरी खत खरे ठरत नाही.

खरा घात होतो तो मुदतीत. दस्त रद्द करून घेण्याच्या दाव्यास, त्यामागील हकीकत प्रथम कळल्यापासून तीन वर्षांची मुदत आहे. 'आधी खटल्याचा निकाल लागू दे' म्हणून स्वस्थ बसलेल्या कित्येकांची ही मुदत उलटून जाते, कारण फौजदारी खटला तीन वर्षांत क्वचितच संपतो. आरोपीस शिक्षा झाली तरी जमिनीचा ताबा आपोआप परत येत नाही. तेव्हा फिर्याद व दावा बरोबरच दाखल करावे, आणि जमीन पुढे विकली जाऊ नये म्हणून मनाई हुकूमही मागावा.

सातबारावरील नोंद मालकी देत नाही, ती महसुलासाठी असते. तरीही फेरफाराविरुद्ध उपविभागीय अधिकाऱ्यांकडे वेळीच अपील करणे इष्ट. या सर्वांआधी दुय्यम निबंधकाच्या कार्यालयातून खताची प्रमाणित नक्कल व ग्रामपंचायतीतून मृत्यूचा दाखला घ्यावा. संगणकीय नोंदणीच्या दस्तात लिहून देणाऱ्याचे छायाचित्र व अंगठा असतो, आणि तोतयाचा चेहरा पुष्कळदा तेथेच सापडतो.