एकाच खोलीत राहूनही ‘वेगळे’? संमतीच्या घटस्फोटाचा नियम काय?

भिवंडीत यंत्रमागावर राबणाऱ्या जोडप्याचे पटेनासे झाले, तरी दुसऱ्या खोलीचे डिपॉझिट आणि भाडे आणायचे कुठून? परस्पर संमतीने घटस्फोट घेण्यासाठी आधी किमान वर्षभर वेगळे राहावे लागते. एका खोलीच्या संसारात ही अट कशी पाळायची?

हिंदू विवाह कायदा १९५५ चा. संमतीच्या घटस्फोटाचे कलम १३-ब त्यात १९७६ मध्ये आले. पण वेगळे राहणे म्हणजे वेगळा पत्ता नव्हे. सुरेश्ता देवी विरुद्ध ओम प्रकाश या १९९१ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले, की पती-पत्नीचे नाते थांबले असेल, तर परिस्थितीमुळे एका छपराखाली राहणारेही वेगळे ठरू शकतात. उलट, नवरा कामासाठी परगावी असला म्हणून तेवढ्याने ही अट पूर्ण होत नाही.

अर्ज दोघांनी मिळून करायचा. मग सहा महिने थांबून, अठरा महिन्यांच्या आत दोघांनी पुन्हा मागणी करायची. दीड वर्षाचा दुरावा आधीच झाला असेल, समेटाचे प्रयत्न फसले असतील आणि पोटगी व मुलांचा ताबा ठरला असेल, तर न्यायालय हे सहा महिने माफ करू शकते, असे २०१७ च्या अमरदीप सिंग प्रकरणात ठरले.

मेख संमतीत आहे. हुकूमनामा होईपर्यंत दोघांपैकी कोणीही ती मागे घेऊ शकते. स्टॅम्प पेपरवरच्या नोटरी ‘सोडचिठ्ठी’वर तर विसंबूच नये. रूढीने मान्य असलेले अपवाद वगळता तिने लग्न मोडत नाही, आणि त्या भरवशावर केलेले दुसरे लग्न रद्दबातल ठरते.