'दोन बाय दोन'ची फरशी खरोखर केवढी?

कल्याणहून माळशेज घाटाने येणारा रस्ता पुणे-नाशिक महामार्गाला छेदतो, ते ठिकाण आळेफाटा. आळे आणि आसपासच्या गावांत घर बांधायला काढले की बोलणे फुटांतच सुरू होते. दशमान मापांचा कायदा १९५६ साली झाला आणि शाळेत आपण मीटरच शिकवतो. पण खोली असते 'दहा बाय बारा'ची आणि फरशी 'दोन बाय दोन'ची. हिशेब तोंडी होतो: एका बाजूला पाच, दुसऱ्या बाजूला सहा, एकूण तीस फरशा.

गुणाकार बरोबर आहे. फरशी मात्र दोन फुटांची नाही. खोक्यावर ६०० × ६०० मिमी असे छापलेले असते आणि दोन फूट म्हणजे ६०९.६ मिमी. 'दोन बाय दोन' हे त्या फरशीचे नाव आहे. नावाच्या मापाला नाममात्र माप म्हणतात आणि पट्टीने मोजून मिळते ते प्रत्यक्ष माप.

९.६ मिमी म्हणजे जेमतेम करंगळीच्या नखाएवढा फरक. लांबीत तो शेकडा दीडच्या आसपास आहे. पण फरशी लांबीतही कमी आहे आणि रुंदीतही, त्यामुळे क्षेत्रफळात तूट साधारण दुप्पट, शेकडा तीनहून थोडी अधिक होते. आकडे मांडून पाहिले तर गंमत दिसते: चार चौरस फुटांचा ३१/३२ भाग तेवढा मिळतो. ३२ फरशा अंथरल्या तर ३१ फरशांचीच जागा भरते! वर्गाच्या सूत्रासाठी याहून सोपे उदाहरण आम्हाला सुचत नाही.

या फरशा बहुधा चार-चारच्या खोक्यात येतात. खोक्यात १.४४ चौरस मीटर, म्हणजे साडेपंधरा चौरस फूट माल असतो, सोळा नव्हे. दर चौरस फुटाला समजा ५० रुपये असेल, तर सोळाने गुणणाऱ्याचे खोक्यामागे २५ रुपये जास्त जातात. घरभर चाळीस खोकी लागली तर हजार रुपये झाले. बिल करताना कोणत्या आकड्याने गुणले, हे विचारायला लाजू नये.

आता फरशा बसवू. दहा फूट म्हणजे ३०४८ मिमी. पाच फरशांचे ३००० आणि मधल्या चार सांध्यांचे, दर सांध्याला २ मिमी धरून, ८. उरले ४० मिमी. बारा फुटांच्या (३६५८ मिमी) बाजूला सहा फरशा आणि पाच सांधे मिळून ३६१० होतात, उरले ४८. म्हणजे दोन भिंतींलगत चार-पाच सेंटिमीटरची पट्टी कापून बसवावी लागणार. इतकी अरुंद पट्टी कापताना तुटते आणि बसली तरी डोळ्यांना खुपते.

मग गावोगावच्या खोल्यांत अशा पट्ट्या सर्रास का दिसत नाहीत? कारण खोलीचे मापही पुष्कळदा नाममात्रच असते! नकाशातले दहा फूट बहुधा विटेपासून विटेपर्यंतचे असतात. दोन्ही भिंतींना १२-१२ मिमी गिलावा झाला की ३०२४ उरतात. त्यातून ३००८ गेले की १६, म्हणजे प्रत्येक भिंतीशी फक्त ८ मिमी. ते भिंतीच्या पायाशी लावलेल्या स्कर्टिंगखाली सहज झाकले जातात. दुसऱ्या बाजूला भिंतीशी १२ मिमी राहतात. स्कर्टिंगची जाडी आणि तिच्यामागचा मसाला मिळून तेही बहुधा लपतात. फसगत होते ती गिलाव्यानंतर नेमके दहा फूट भरणाऱ्या खोलीत. म्हणून अनुभवी गवंडी गिलावा झाल्यावरच माप घेतो आणि दोन-तीन ठिकाणी घेतो, कारण भिंती समांतर असतीलच असे नाही.

नाव आणि माप यांतली ही तफावत लबाडीतून आलेली नाही. विटेचे पाहा. प्रमाणित वीट १९ × ९ × ९ सेंमी असते. एक सेंटिमीटर मसाला धरला की तिची जागा २० × १० × १० होते, म्हणून घनमीटरला बरोबर ५०० विटा असा हिशेब बसतो. मोझेक फरशीचेही तसेच. केंद्रीय सार्वजनिक बांधकाम खात्याच्या तपशिलात नाममात्र २० सेंमीच्या फरशीचे प्रत्यक्ष माप १९.८५ सेंमी दिलेले आहे. उरलेला दीड मिलिमीटर सांध्याचा.

सांधा हवा कशाला, एकमेकींना चिकटवूनच का लावू नयेत, असे विद्यार्थी हमखास विचारतील. एक कारण भट्टीत आहे. मातीची बारीक पूड साच्यात दाबून सुमारे १२०० अंश सेल्सिअसला भाजतात. तेव्हा कण एकमेकांत वितळून चिकटतात, मधल्या पोकळ्या मिटतात आणि फरशी आकसते. आजच्या घट्ट, पाणी न शोषणाऱ्या फरशीत हे आकुंचन शेकडा सात-आठ असते. म्हणजे ६०० मिमीसाठी साचा ६५० च्या आसपासचा लागतो. भट्टीत उष्णता जरा कमीजास्त झाली की माप हलते. त्यामुळे कारखान्यात फरशा मापानुसार निवडतात, काहींच्या कडा भाजल्यावर घासून नेमक्या करतात. तरीही बारीक फरक राहतो आणि तो सांध्यात जिरतो. चिकटवून लावलेल्या फरशांचा फरक मात्र साठत जातो आणि चार-पाच ओळींनंतर रेषा वाकडी दिसू लागते. कमी पडलेले खोके नंतर वेगळ्या घाण्यातले आणले तर अडचण होते, ती याचमुळे.

दुसरे कारण उष्णतेने होणारे प्रसरण. अंशाला मीटरमागे सुमारे ७ मायक्रोमीटर धरा. ३.६ मीटरची जमीन २० अंशांनी तापली तर अर्धा मिलिमीटर वाढते. वाढ थोडीच आहे, पण तिला जागाच मिळाली नाही तर फरशा मधेच उचलल्या जातात.

वर्गात फरशी असेल तर एक प्रयोग करून पाहावा. पहिल्या फरशीच्या डाव्या कडेपासून अकराव्या फरशीच्या डाव्या कडेपर्यंतचे अंतर टेपने मोजा आणि दहाने भागा. हे झाले एक फरशी व एक सांधा यांचे सरासरी माप. मग पाच-सहा फरशा सुट्या मोजून त्यांची सरासरी त्यातून वजा करा, सांधा मिळेल. तोच सांधा थेट मोजपट्टीने मोजला तर उत्तर तेच येते का? शहाबादी फरशी असेल, आणि तीही हाताने घडवलेली, तर विद्यार्थ्यांच्या उत्तरांत बराच फरक पडेल. तो कशामुळे पडला, हे त्यांनाच शोधू द्यावे.