दमेकरी मुलाला खेळू द्या

सोयाबीनची रास झाली, थंडी पडू लागली की आमच्या पोखर्णी परिसरात बाळदम्याचे रुग्ण वाढतात. मळणीची धूळ, चुलीचा धूर, हवेतील गारवा ही नेहमीची कारणे. आज मात्र दम्यापेक्षा दम्याच्या धाकाविषयी लिहायचे आहे.

पुष्कळ घरांत मुलाला एकदा धाप लागली की सगळेच बंद होते. पळू नको, केळी नको, सायकल नको, सहलीला तर मुळीच नको! माझ्याकडे अकरा-बारा वर्षांचा एक मुलगा येतो. वडील त्याला मोटारसायकलवर शाळेत सोडतात, मधल्या सुट्टीत आई डबा घेऊन हजर. खेळाच्या तासाला तो कडेला बसून इतरांच्या चपला सांभाळतो. एकदा आई औषध घ्यायला बाहेर गेली तसा हळूच म्हणाला, "डॉक्टरसाहेब, मला पोरांसंगं सायकलवर जायचंय. आईला तुम्ही सांगा ना." एरवी हा मुलगा 'खोकला आहे का?' याचे उत्तरसुद्धा आईकडे पाहून देतो.

आई-वडिलांची भीती खोटी नाही. रात्री दोन वाजता पोराची छाती भात्यासारखी चालताना ज्यांनी पाहिली, त्यांना हसू नये. पण बसून राहिल्याने दमा बरा होत नाही. वजन वाढते आणि मूल हिरमुसते. औषध नीट चालू असेल तर बहुतेक मुले खेळू शकतात. अमेरिकेची जॅकी जॉयनर-कर्सी दमेकरीच. तिने १९८८ आणि १९९२ च्या ऑलिंपिकमध्ये हेप्टॅथलॉनचे सुवर्णपदक जिंकले.

पंपाची सवय लागते, हा गैरसमज आहे. त्यातले औषध मायक्रोग्रॅममध्ये थेट श्वासनलिकेत जाते. गोळीला कितीतरी जास्त मात्रा लागते. सूज कमी करणारा पंप डॉक्टरांनी सांगितला असेल तर बरे वाटले तरी घ्यावा. नुसता धाप लागल्यावरचा पंप मारत राहणे धोक्याचे. आणि घरात बिडी ओढून पोराला खेळू न देणे, याला काळजी कसे म्हणावे?

त्या मुलाला मी आईदेखत स्पेसर लावून स्वतः पंप घ्यायला शिकवले. कागदावर लिहून दिले: वाक्य पुरे बोलवेना, बरगड्या आत ओढल्या जाऊ लागल्या किंवा पंपाने उतार पडेना, तर ताबडतोब दवाखाना. एक प्रत दप्तरात, एक गुरुजींकडे.

"आणि हा विसरला तर?" आईने विचारले.

"म्हणून तर गुरुजींकडे दिली, ताई."

आता तो मित्रांबरोबर सायकलवर जातो. वडील मोटारसायकलवर मागोमाग असतात म्हणे, पण बरेच अंतर ठेवून.