जळालेले कागद, उरलेल्या बखरी

१९२३ च्या ऑगस्टमध्ये नवऱ्याला ओहायोतल्या मॅरियन गावी पोहोचवून फ्लॉरेन्सबाई हार्डिंग वॉशिंग्टनला परतल्या आणि कागद उपसायला बसल्या. राष्ट्राध्यक्ष वॉरन हार्डिंग यांची पत्रं, टिपणं, खासगी टपाल असं पेट्यांनी भरून पडलं होतं. बाई एकेक कागद बघत गेल्या आणि त्यातले पुष्कळसे आगीत टाकत गेल्या. आधी राजधानीत, मैत्रिणीच्या बंगल्यावर, आणि उरलेलं मॅरियनला. हेतू एकच : गेलेल्या माणसाच्या नावाला डाग लागू नये. गेल्या शंभर वर्षांत त्या नावावर जी पुस्तकं निघाली ती एकापाठोपाठ एक वाचली, की मात्र वाटतं, बाईंनी कागद जाळले नसते तर नवऱ्याची अब्रू थोडी जास्त शिल्लक राहिली असती.

हार्डिंग मूळचे वर्तमानपत्रवाले. १८८४ साली, अजून विशीही गाठली नसताना, दोघा मित्रांबरोबर त्यांनी तीनशे डॉलरना ‘मॅरियन स्टार’ हे मोडकळीला आलेलं पत्र घेतलं आणि पुढे नावारूपाला आणलं. देखणे, गोड बोलणारे, कुणाला नाही म्हणता न येणारे. १९२० साली शिकागोच्या रिपब्लिकन अधिवेशनात मातब्बर उमेदवार एकमेकांना अडवून बसले, ब्लॅकस्टोन हॉटेलच्या खोलीत मध्यरात्रीपर्यंत खलबतं झाली आणि दहाव्या फेरीत हार्डिंग यांचं नाव मुक्रर झालं. ‘धुराने भरलेली खोली’ हा अमेरिकी राजकारणातला शब्दप्रयोग तिथूनच रूढ झाला. देशभरच्या स्त्रियांनी पहिल्यांदाच मतदान केलेल्या त्या निवडणुकीत त्यांना साठ टक्क्यांहून जास्त मतं पडली. २ ऑगस्ट १९२३ रोजी सॅन फ्रान्सिस्कोच्या पॅलेस हॉटेलात ते अचानक गेले, तेव्हा त्यांची शवगाडी पाहायला रुळांच्या दुतर्फा माणसं उभी होती. दुःख खरं होतं. भानगडी अजून बाहेर यायच्या होत्या.

मंत्रिमंडळात ह्यूज, हूवर, मेलन अशी वजनदार माणसं होती, पण त्यांच्याच पंगतीला मित्रमंडळीही बसली होती. युद्धातून परतलेल्या सैनिकांच्या खात्याचा प्रमुख चार्ल्स फोर्ब्स याने इस्पितळांचा माल मातीमोलाने विकला. तो पुढे तुरुंगात गेला आणि त्याच्या खात्याच्या कायदेशीर सल्लागाराने आत्महत्या केली. ॲटर्नी जनरल हॅरी डॉहर्टी यांचा सावलीसारखा सोबती जेस स्मिथ १९२३ च्या मेमध्ये डॉहर्टींच्याच निवासात गोळी लागून मेलेला सापडला. आणि या सगळ्यांवर कळस म्हणजे टीपॉट डोम.

वायोमिंगमध्ये चहाच्या किटलीसारख्या दिसणाऱ्या एका खडकाजवळ नौदलासाठी राखून ठेवलेला तेलसाठा होता. गृहखात्याचा मंत्री अल्बर्ट फॉल याने तो १९२२ च्या एप्रिलमध्ये निविदा न काढता, गुपचूप, हॅरी सिंक्लेअरच्या कंपनीला दिला. कॅलिफोर्नियातला एल्क हिल्सचा साठा एडवर्ड डोहेनीकडे गेला. (तिकडचं गृहखातं म्हणजे पोलीस नव्हेत. जमिनी, जंगलं आणि खनिजं सांभाळणारं ते खातं.) मोंटानाचे सिनेटर थॉमस वॉल्श यांनी चौकशी हाती घेतली तेव्हा कुणालाच त्यात रस नव्हता. महिनोन् महिने रूक्ष कागद चाळणं चाललं. मग न्यू मेक्सिकोतला संपादक कार्ल मॅगी साक्षीला आला आणि त्याने सांगितलं, की कर थकलेल्या, पडक्या कुंपणांच्या फॉलच्या कुरणाला अचानक बरकत आली आहे. (हाच मॅगी पुढे पार्किंग मीटरचा जनक ठरला.) पैसे आले कुठून? ‘वॉशिंग्टन पोस्ट’चा मालक म्हणाला, मीच उसने दिले. मग म्हणाला, माझे चेक न वटवताच परत आले. अखेर १९२४ च्या जानेवारीत डोहेनी स्वतःच समितीपुढे आला आणि त्याने कबूल केलं : एक लाख डॉलर रोख, काळ्या पिशवीत, माझ्या मुलाच्या हाती पाठवले होते. सिंक्लेअरने दिलेले पैसे रोख्यांच्या रूपात होते, आणि रोख्यांवर छापील क्रमांक असतात. त्या क्रमांकांचा माग काढत तपास थेट फॉलपर्यंत पोहोचला. पदावर असताना केलेल्या गुन्ह्यासाठी तुरुंगात गेलेला फॉल हा अमेरिकेचा पहिला मंत्री. गंमत अशी, की फॉलने ज्याची लाच घेतली असं एका ज्यूरीने ठरवलं, तो डोहेनी लाच दिल्याच्या आरोपातून दुसऱ्या ज्यूरीपुढे निर्दोष सुटला!

म्हणजे जिथे कागद उरला, तिथे सत्य उशिरा का होईना, पण नेमकं सापडलं. आणि त्या कागदांत हार्डिंग यांनी स्वतः पैसे खाल्ल्याचा पुरावा कुठेच निघाला नाही. जिथे कागद जळला होता, तिथे मात्र राख उकरायला लेखक पुढे आले.

पहिली आली कादंबरी. सॅम्युएल हॉपकिन्स ॲडम्स यांच्या १९२६ च्या ‘रेव्हलरी’त भ्रष्ट मित्रांनी वेढलेला राष्ट्राध्यक्ष चुकून विष घेतो आणि मग ते उतरू देत नाही. नाव विलिस मार्कहॅम, पण मार्कहॅम म्हणजे कोण हे वाचकाला सांगावं लागत नव्हतं. पुढच्याच वर्षी मॅरियनचीच नॅन ब्रिटन हिने ‘द प्रेसिडेंट्स डॉटर’ लिहून जाहीर केलं, की आपली मुलगी एलिझाबेथ ॲन ही हार्डिंग यांची आहे. पुस्तक छापायला कुणी तयार होईना, म्हणून तिने स्वतःच संस्था काढून ते छापलं. छापखान्यावर धाड पडली, ठसे जप्त झाले, कोर्टाने ते परत द्यायला लावले. पुस्तक धडाक्याने खपलं. त्यानंतर १९३० साली गॅस्टन मीन्स आला. हा सरकारी तपासखात्यात राहिलेला नामांकित लबाड. ‘द स्ट्रेंज डेथ ऑफ प्रेसिडेंट हार्डिंग’मध्ये त्याने सूचित केलं, की फ्लॉरेन्सबाईंनीच नवऱ्याला विष घातलं. बाईंनी शवविच्छेदनाला नकार दिला होता, कागद जाळले होते, आणि १९२४ सालीच त्या वारल्या होत्या. उत्तर द्यायला कुणी उरलंच नव्हतं. ज्या लेखिकेने मीन्ससाठी पुस्तक लिहून दिलं, तिनेच वर्षभरात ते थापांचं असल्याचं छापून सांगितलं. मीन्सने पुढे वैमानिक लिंडबर्गच्या पळवलेल्या बाळाच्या नावावर एका श्रीमंत बाईला लुबाडलं आणि तो तुरुंगातच मेला. पण तोवर फ्रेडरिक लुईस ॲलन यांच्या ‘ओन्ली यस्टरडे’सारख्या लोकप्रिय इतिहासातही विषाच्या तर्कांना जागा मिळाली होती.

इतिहासकार वि. का. राजवाडे यांच्या वारशात वाढलेल्या मराठी वाचकाला हा प्रकार ओळखीचा वाटेल. अस्सल पत्र हाती नसलं की बखर बोलू लागते, आणि बखरकाराला कुणाची तरी बाजू घ्यायची असते. त्यामुळे १९६४ मध्ये ओहायोच्या इतिहास संस्थेने हार्डिंग यांचे कागद अभ्यासकांना खुले केले, तेव्हा इतिहासकार अक्षरशः धावले. पहिला धक्का हा, की कागद होते! बाईंनी सगळं जाळलं ही समजूतही अर्धी आख्यायिकाच होती. सचिवाच्या हाताखालचे कितीतरी खोके वाचले होते आणि स्मारक मंडळाने ते चाळीस वर्षं कुलुपात ठेवले होते. रॉबर्ट मरे यांनी त्यातून १९६९ साली ‘द हार्डिंग एरा’ लिहिलं आणि कष्टाळू, तडजोडीतून मार्ग काढणारा, सरकारी अंदाजपत्रकाला शिस्त लावणारा राष्ट्राध्यक्ष दाखवला. युद्धविरोधी भाषणासाठी तुरुंगात असलेल्या समाजवादी यूजीन डेब्स यांना सोडणारे आणि १९२१ मध्ये अलाबामात जाऊन काळ्यांच्या राजकीय हक्कांबद्दल बोलणारे हार्डिंग पुन्हा दिसू लागले. २००४ साली हीच बाजू लहानशा चरित्रात मांडली ती जॉन डीन यांनी. हे वॉटरगेट प्रकरणातले राष्ट्राध्यक्ष निक्सन यांचे वकील. बालपणाचा काही काळ त्यांनी मॅरियनमध्ये काढला होता. भानगडीत सापडलेलं सरकार आतून कसं दिसतं, हे त्यांच्याइतकं क्वचितच कुणा चरित्रकाराला ठाऊक असेल.

पण १९६४ च्याच सुमारास दुसरी पेटी उघडली होती. मॅरियनच्या कॅरी फिलिप्स या विवाहितेला हार्डिंग यांनी १९१० ते १९२० या काळात लिहिलेली प्रेमपत्रं एका वकिलाला तिच्या घरात सापडली आणि त्याने ती चरित्रकार फ्रान्सिस रसेल यांना दाखवली. हार्डिंग यांचे वारस कोर्टात गेले. रसेल यांचं जाडजूड चरित्र १९६८ मध्ये आलं, तेव्हा त्यातले पत्रांचे उतारे काढून टाकलेले होते आणि त्यांच्या जागी नुसत्या रेघा होत्या. वाचकांनी त्या रेघांमध्ये आपल्या मनाला येईल ते भरलं. पत्रं काँग्रेसच्या ग्रंथालयात गेली ती २९ जुलै २०१४ पर्यंत बंद ठेवण्याच्या अटीवर. शेवटी ती उघडली तेव्हा वाचकांना दिसला एक भाबडा, हळवा, जर्मनीची बाजू घेणाऱ्या प्रेयसीच्या धमक्यांना घाबरलेला माणूस. रेघांमधला माणूस याहून बराच भयंकर होता.

आणि नॅन ब्रिटन? तिच्याकडे एकही प्रेमपत्र नव्हतं. इतिहासकार रॉबर्ट फेरेल यांनी १९९६ मध्ये हार्डिंग यांच्याबद्दलच्या आख्यायिका एकेक करून खोडून काढल्या, आणि त्यांत मीन्सच्या विषाबरोबर नॅनची गोष्टही निकालात काढली. कागद नाही म्हणजे घडलं नाही, असा तो हिशेब. २०१५ साली दोन्ही घराण्यांतल्या वारसांच्या डीएनए चाचण्या जुळल्या : एलिझाबेथ ॲन ही हार्डिंग यांचीच मुलगी होती. ती २००५ सालीच वारली होती. आईला जन्मभर लबाड ठरवणाऱ्यांना उत्तर मिळाल्याचं पाहायला ती उरली नव्हती.

इथे आपल्या कागदनिष्ठेलाही जरा चाप बसतो. मीन्सची बखर खोटी निघाली आणि नॅनची खरी, पण दोघांना एकाच टोपलीत टाकायची सोय कुणी केली? जाळणाऱ्यांनी आणि कुलुपं लावणाऱ्यांनी. पुरावा समोर असता तर थापाड्याला धंदा करता आला नसता, आणि खरं बोलणाऱ्या बाईला धंदेवाईक म्हणून हिणवताही आलं नसतं. नवऱ्याचे कागद घेऊन आगीसमोर बसलेल्या फ्लॉरेन्सबाईंना वाटलं असेल, की आपण एका माणसाची अब्रू राखतोय. त्या आगीत दुसऱ्या एका लहान मुलीचं नावही गेलं, आणि ते परत मिळायला ब्याण्णव वर्षं लागली.