ज्वालामुखीच्या बेटावर एक दिवस

खरं सांगा हं, सहलीला गेल्यावर पिशव्यांपाशी कोण बसतं? घरातली बाईच ना! पन्हाळ्याला गेलो, तर मुलं तटबंदीकडे पळाली, आमचे 'हे' त्यांच्यामागे गेले आणि मी आपली झाडाखाली डबे सांभाळत बसले. महाबळेश्वरलाही तेच. "तुम्ही या बघून, मी बसते इथं," हे वाक्य उभ्या आयुष्यात किती वेळा बोलले असेन, त्याला गणतीच नाही. त्यात आता गुडघ्यांचं निमित्त मिळालेलं. त्यामुळे मुलानं आम्हा दोघांची मॉरिशसची तिकिटं काढली, तेव्हाही मी मनातल्या मनात बसमधली खिडकीची जागा धरून ठेवली होती. उतरायचं काम नको!

पण मैत्रिणींनो, तिथल्या एका दिवसाच्या सहलीत मी बसमधून एकदा नाही, चांगली सहा वेळा उतरले. का उतरले, आणि उतरले नसते तर काय गमावलं असतं, तेच आज तुम्हांला सांगायचं आहे.

मॉरिशस हे हिंदी महासागरातलं ज्वालामुखीनं घडवलेलं बेट. मुंबईहून विमानानं सुमारे सहा तास लागतात. घड्याळ आपल्यापेक्षा दीड तास मागे. विस्तारानं म्हणाल तर आमच्या जत तालुक्याएवढंच! म्हणून तर गाईड बरोबर घेऊन निम्मं बेट एका दिवसात पाहून होतं. बहुतेक प्रवासी एक दिवस दक्षिणेच्या सहलीसाठी ठेवतात. ज्वालामुखीची मुखं, दरी, धबधबा, रंगीत माती असं सगळं त्यात येतं.

सकाळी बसमध्ये गाईड चढली, तिशीची चुणचुणीत मुलगी. हिंदी-इंग्रजीत नमस्कार-चमत्कार झाले आणि मग तिनं विचारलं, "आपल्यापैकी कोणी महाराष्ट्रातून आले आहे काय?" अगदी पुस्तकातलं मराठी! माझा हात आपोआप वर गेला. मॉरिशसमध्ये १८३४ सालापासून हिंदुस्थानातून मजूर उसाच्या मळ्यांवर नेले गेले, त्यांत मुंबई बंदरातून गेलेली मराठी माणसंही होती. त्यांच्याच वंशातली ही मुलगी. घरात बोलायची क्रिओल, पण मराठी शाळेत शिकलेली. तिथं प्राथमिक शाळेत मराठी शिकायची सोय आहे आणि गणेश चतुर्थीला सगळ्या देशाला सुट्टी असते, हे ऐकून माझ्या तर अंगावर काटाच आला. "मी तुम्हाला मावशी म्हणू का?" तिनं विचारलं. म्हटलं, "म्हण की बाळ!"

बस उसाच्या मळ्यांतून चढाला लागली. बघते तर शेतात मध्येमध्ये काळ्या दगडांचे ढीग. साधेसुधे नव्हेत, नीट रचलेले, घराएवढाले. "हे काय गं?" मी विचारलं. "दगड, मावशी. शेतातून उचलून रचलेले. संध्याकाळी एकापाशी थांबू," ती म्हणाली आणि पुढच्या माहितीकडे वळली. माझ्या डोक्यातून मात्र ते ढीग काही जाईनात.

पहिला मुक्काम क्यूरपीप गावातल्या 'त्रू ओ सेर' या विवराचा. नावाचा अर्थ हरणांचा खड्डा. विझलेल्या ज्वालामुखीचं हे तोंड सुमारे ३०० मीटर रुंद आणि ८० मीटरच्या आसपास खोल आहे. मी सवयीनं म्हणाले, "तुम्ही या बघून." तर ही पोरगी दारात हात पुढे करून उभी! "मावशी, पायऱ्या नाहीत. काठावर रस्ता आहे." उतरावंच लागलं. काठावरून खाली पाहिलं तर मोठ्या परातीसारखा गोल उतार, गर्द झाडी आणि तळाशी थोडंसं पाणी. गावातली माणसं काठावरच्या रस्त्यावर सकाळचं फिरायला आलेली, जणू आपल्याकडचं तळ्याकाठचं मैदान! क्यूरपीप उंचावर आहे, तिथं पाऊस केव्हाही येतो आणि गार वारा सुटतो. म्हणून समुद्रकाठी कितीही ऊन असो, छत्री आणि स्वेटर बसमध्ये हवाच.

दुसरा थांबा गंगा तलाव. हेही ज्वालामुखीचंच मुख, पण काठोकाठ पाण्यानं भरलेलं. तलावाच्या वाटेवर शंकराची १०८ फूट उंच मूर्ती आहे आणि महाशिवरात्रीला लाखो भाविक चालत इथं येतात. १९७२ साली भारतातून गंगाजल आणून या तळ्यात मिसळलं, तेव्हापासून याला गंगा तलाव म्हणतात, असं गाईड सांगत होती. १९७२ म्हटल्यावर मी जागच्या जागी थांबले.

जत-आटपाडीकडच्या भगिनींना वेगळं सांगायला नको. त्या दुष्काळात मी नऊ वर्षांची होते. आडात थेंब नव्हता. आई दुष्काळी कामावर खडी फोडायला जायची आणि मी धाकट्या भावाला कडेवर घेऊन तिच्या शेजारी बसायची. मिलोची भाकरी आणि कामावर मिळणारी सुकडी, यावर आमचे दिवस निघाले. काळा दगड, आईचा हातोडा आणि तिच्या बोटांना बांधलेल्या चिंध्या एवढंच मला स्पष्ट आठवतं. आमच्याकडे काळ्या दगडात पाणी लागेना, आणि इथं त्याच काळ्या दगडाच्या वाडग्यात देवानं तळं भरून ठेवलेलं! मी पायरीवर बसून पाण्यात हात घातला. पिशवी कुठं ठेवली होती, त्याचंही भान नव्हतं.

'त्याच काळ्या दगडाच्या' हे मी उगाच म्हणत नाही बरं का. पुढच्या वाटेवर गाईडनं जे सांगितलं, ते ऐकून मी चाटच पडले. आपला दख्खनचा काळा दगड सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी लाव्हाचे थरावर थर साचून झाला. बहुतेक भूशास्त्रज्ञांच्या मते पृथ्वीच्या पोटातल्या ज्या तप्त जागेतून तो लाव्हा आला, त्याच जागेनं पुढे मॉरिशस घडवलं. कसं, ते आपल्या भाषेत सांगते. शेगडी एका जागी पेटलेली आहे आणि तिच्यावरून पापड हळूहळू सरकतो आहे, असं समजा. शेगडी हलत नाही, पण पापडावर डाग मात्र एकापुढे एक उठत जातात. जमिनीचं कवच असंच सरकत राहिलं. आधी दख्खन, मग लक्षद्वीप-मालदीवची रांग, मग ऐंशी-नव्वद लाख वर्षांपूर्वी मॉरिशस. आज ती शेगडी सव्वादोनशे किलोमीटरवरच्या रेयुनियाँ बेटाखाली आहे आणि तिथला ज्वालामुखी अजूनही अधूनमधून धगधगतो. म्हणजे मॉरिशसचा दगड आणि जतचा दगड एकाच चुलीवरचे! हे म्हणाले, "अगं, मग आपण माहेरीच आलो की!"

तिसरा थांबा ब्लॅक रिव्हर दरीच्या कठड्यावर. या अरण्याला १९९४ साली राष्ट्रीय उद्यान केलं. समोर हिरवीगार खोल दरी, पलीकडे समुद्राची निळी रेघ. इथला एक लहान ससाणा १९७४ साली मोजून चार उरला होता. माणसांनी जिवापाड जपून त्याची संख्या पुन्हा शेकड्यांत नेली. डोडो मात्र तीनशे वर्षांपूर्वीच संपला. दरीत जागोजागी लाल चिनी पेरूची झुडपं दिसतात. फळ आंबटगोड, लोक आवडीनं तोडतात. पण बाहेरून आलेल्या या झाडानं मूळची झाडी दाबून टाकली आहे. आमच्या माळावर वेड्या बाभळीनं केलं, तसंच! इथं माकडं फार. हातात खाऊची पिशवी दिसली की झडप घालतात, तेव्हा सांभाळून.

तिथून शामारेलचा घाट. वळणं अशी की बसमधल्या निम्म्या बायका डोळे मिटून बसल्या. मी आल्याचा तुकडा मीठ लावून दाढेखाली धरला होता, त्याचा फार उपयोग झाला. ज्यांना बस लागते त्यांनी पुढची जागा मागून घ्यावी आणि नाष्टा बेताचाच करावा. शामारेलचा धबधबा शंभर मीटरच्या आसपास उंच आहे. काळ्या कड्यावरून पाणी सरळ खाली झेपावतं आणि कड्यात लाव्हाचे थर स्पष्ट दिसतात. वरच्या कठड्यापर्यंत थोड्या पायऱ्या आहेत. मी प्रत्येक पायरीवर दोन्ही पाय टेकवत चढले. वेळ लागला, पण कोणी गाडी सोडून गेलं नाही हो!

जवळच सात रंगांची माती. उघड्या टेकड्यांवर तांबडा, तपकिरी, जांभळा, पिवळा असे पट्टे, जणू पैठणीच अंथरली आहे! ही जादू नव्हे. काळा दगड लाखो वर्षं पावसात कुजला, त्यातली विरघळणारी द्रव्यं वाहून गेली, लोह आणि ॲल्युमिनियम मागं राहिलं आणि त्यांचेच हे रंग. महाबळेश्वरचा तांबडा जांभा असाच झाला आहे. मातीवर पाय द्यायला मनाई आहे, लाकडी कठड्यावरूनच पाहायचं. शेजारी प्रचंड कासवं आहेत. नातवंडं बरोबर असतील तर ती तिथून हलायची नाहीत.

जेवणाचं आता विचाराल. तिथं रस्त्यावर 'धॉल पुरी' मिळते. पुरणपोळीसारखीच डाळ भरून लाटलेली, पण गोड नाही. वर पावट्यासारख्या दाण्यांची उसळ आणि चटणी घालून गुंडाळून देतात. शाकाहारी बायकांची मोठी सोय! तरी दशम्या आणि शेंगदाण्याची चटणी बरोबर असलेली बरी.

परतीच्या वाटेवर ल मॉर्नचा डोंगर दिसला. समुद्रात घुसलेला ५५६ मीटर उंचीचा काळा कडा. मळ्यांवरून पळालेले गुलाम याच्या कपारींत लपत. २००८ साली तो जागतिक वारसा ठरला.

आणि मग ऊन उतरताना बस एका मळ्याच्या कडेला थांबली. दगडांचा तोच ढीग. गाईड म्हणाली, "आमच्याकडे सांगतात, की इथले दगड उचलले की खाली सोने सापडते, असे सांगून आमच्या लोकांना आणले. त्यांनी दगड उचलले. खाली दगडच होते. मग त्यांनी ऊस लावला. माझी पणजीसुद्धा या कामावर होती, मावशी."

मी ढिगापाशी गेले आणि एका दगडावर हात ठेवला. उन्हानं तापलेला, खरखरीत, छोट्या भोकांचा. आमच्या घरामागच्या बांधातला वाटावा असा. आईचा हात आठवला. ती कधी आपल्या मुलुखाबाहेर गेली नाही, समुद्र तिनं पाहिला नाही. तिच्यासारखाच हातोडा आणि पाट्या घेऊन कुणाच्या तरी आया इथं साता समुद्रापार राबल्या होत्या. मला रडू आलं, आणि त्या पोरीनं काही न बोलता माझा हात धरला. बसमध्ये बसून राहिले असते, तर काचेतून मला फक्त दगडांचा ढीग दिसला असता.

तेव्हा भगिनींनो, अशी सहल ठरवताना एवढं ध्यानात ठेवा. किती ठिकाणी थांबणार, प्रवेशाचे पैसे आणि जेवण धरलं आहे का, हे आधीच विचारून घ्या. नवी चप्पल नको, पायात बसलेले बूटच हवेत. औषधं आणि पाण्याची बाटली खांद्याच्या छोट्या पिशवीत ठेवा. पायऱ्या किती, उतार कसा, हे गाईडला मोकळेपणानं विचारा. विचारण्यात कमीपणा नाही. बाकीच्या पिशव्या बसमध्येच राहू द्यात, ड्रायव्हर कुलूप लावतो.

परदेशी जाणं प्रत्येकीला जमेल असं नाही. पण त्याच चुलीवरचा दगड तुमच्या दारात आहे. पुढच्या खेपेला पन्हाळ्याला किंवा सज्जनगडाला जाल, तेव्हा कड्यातले थर मुलांना बोटानं दाखवा. शेगडी आणि पापडाची गोष्ट सांगा. मी तर परवाच आमच्या ह्यांना सांगून टाकलं, "या वेळी पिशव्यांपाशी तुम्ही बसा, मी येते बघून!"