मैदानातून दिसणारी इटली : आसिफ कपाडिया यांचा मॅराडोना

३ जुलै १९९०. विश्वचषक फुटबॉल स्पर्धेच्या उपान्त्य फेरीत यजमान इटलीची गाठ अर्जेंटिनाशी पडली, तीही नेपल्सच्या सान पाओलो मैदानावर. हे शहर मॅराडोनाचे. वर्षाचे ३६४ दिवस तुम्हांला परके मानणारा देश आज एका दिवसापुरते इटालियन व्हा म्हणतो आहे, असे त्याने सामन्यापूर्वी नेपल्सवासीयांना सुनावले. अर्जेंटिनाने पेनल्टीवर सामना जिंकला आणि मॅराडोना इटलीभरच्या रोषाचा धनी झाला.

आसिफ कपाडिया यांच्या २०१९च्या ‘डिएगो मॅराडोना’ या माहितीपटाचा गाभा हाच. भारतीय वंशाच्या या ब्रिटिश दिग्दर्शकाने ‘सेना’मध्ये (२०१०) मोटारशर्यतींच्या आडून ब्राझीलचे दैन्य आणि अभिमान दाखविला होता. त्यांची पद्धत एकच : खुर्चीत बसून आठवणी सांगणारे चेहरे नाहीत. पडद्यावर जुनी चित्रफीत, मागे केवळ आवाज. मॅराडोनाच्या पहिल्या व्यवस्थापकाने त्याच्यामागे छायाचित्रकार नेमले होते. त्या अप्रकाशित साठ्यासह सुमारे ५०० तासांच्या चित्रणातून हा पट उभा राहिला.

गोव्यातील वाचकाला फुटबॉलचे वेड नव्याने सांगावयास नको. परंतु नेपल्सचे वेड निराळे होते. उत्तरेकडील मैदानांवर या गरीब दक्षिणी शहराचे स्वागत कॉलरा आणि अस्वच्छता यांवरून हिणवणाऱ्या फलकांनी होई. नापोली क्लबने तोवर लीग विजेतेपद कधीच पटकावले नव्हते. १९८७ साली ते मिळाले, तेव्हा तो नुसता क्रीडाविजय उरला नाही.

१९८४च्या पहिल्याच पत्रकार परिषदेत एकाने ‘कामोरा’ या स्थानिक गुन्हेगारी टोळ्यांविषयी प्रश्न विचारला. क्लबच्या अध्यक्षांनी त्या पत्रकाराला बाहेर काढले. कपाडिया हा प्रसंग आरंभीच ठेवतात आणि पुढच्या साऱ्या अधःपाताची सावली तेथूनच पडू लागते. या टोळ्यांचे अर्थकारण मात्र पटात ओझरतेच येते. ती उणीव मला जाणवली.

१९९१ मध्ये कोकेनच्या चाचणीत मॅराडोना दोषी आढळला आणि त्याच्यावर १५ महिन्यांची बंदी आली. सात वर्षांपूर्वी खच्चून भरलेल्या मैदानाने ज्याचे स्वागत केले, तो नेपल्समधून एकटाच निघून गेला.